पालथी फिल्म

दस्तगीर मुल्लाणी काट्यावर डबा ठेवतो.
"चित्रंबित्रं काय न्हाईत ताई, प्लास्टिक हाय,
किलोच्या भावानं न्या."
सव्वातीन किलो.
शाहूपुरीतल्या कुण्या टिपुगड्यांच्या घरातलं,
एकोणीसच्या पुरात चार दिवस पाण्याखाली.
झाकण उघडलं तर व्हिनेगरचा वास
आणि तळाशी बोटभर पंचगंगा,
वाळून कडक झालेली.

मी ती धुतली नाही.
मऊ ब्रशनं सुटेल तेवढाच चिखल काढला.
मग उजेडाच्या पेटीवर एकेक चौकट, एकेक फोटो,
रात्री, खालची पिठाची गिरणी थांबल्यावर,
कारण हादरे चालत नाहीत.
सेकंदाला सोळा.
एका मिनिटासाठी
नऊशे साठ वेळा श्वास धरायचा.

संकलन नदीनं आधीच केलेलं.
बारशातला पाळणा ठेवलाय, बाळ खाल्लंय.
खासबागेत दोन पैलवान भिडतात
आणि मधोमध बुरशीचं फूल उमलतं;
कोण चीत झालं, ते त्या फुलाखाली.
मावळतीकडे हात दाखवणारा एक माणूस आहे.
तो दाखवतोय ते
कापून टाकलंय.

चौथ्या रिळात रंकाळा.
एक मुलगी, मोठ्या माणसाची सायकल,
दांडीखालून पाय घालून हाफ पेडल.
कॅमेऱ्याकडे बघते,
बघते,
आणि पडते.
अठ्ठावीस चौकटी. पावणेदोन सेकंद.
तोंड उघडतं, आवाज नाही.
आवाज मला ऐकू आला.
खडी आठवली, तळहातात रुतलेली,
आडव्या सायकलचं चाक
बराच वेळ फिरत राहिलेलं.
रिळात चाक दिसत नाही.

पण ती डाव्या गुडघ्यावर पडते
आणि माझी खूण उजव्यावर.
आठवडाभर बरं वाटलं.
दुसऱ्या कुणाचं तरी पडणं, म्हटलं,
आपल्याकडे चुकून आलेलं टपाल.

मग एका रात्री मागच्या गाडीवरची पाटी दिसली.
अक्षरं ओळखीची, वाचता मात्र येईनात.
आरशात धरल्यावर वाचलं: भेळ.
शालिनी पॅलेसही नको त्या बाजूला.
पेटीवर मी फिल्मच पालथी घातली होती.
म्हणजे उजवा.

काठावर वर्षाच्या खुणा असतात,
एक त्रिकोण, एक अधिकचं चिन्ह.
त्याच खुणा वीस वर्षांनी परत यायच्या.
म्हणजे मी जन्मायच्या आधी,
किंवा मी सात वर्षांची असताना.
कारखान्यालाही नेमकं सांगायचं नव्हतं.

आईला कागलला फोन केला.
"तुला कुठली सायकल? तो गुडघा नळाच्या कट्ट्यावरचा."
मग कुकरच्या दोन शिट्ट्या.
"थांब गं. होती कुणाचीतरी. लाल."

लाल.
माझ्या रिळात सगळंच लाल आहे,
पाणी, भेळवाला, मुलीची वेणी.
रंग उडताना निळा आधी जातो,
लाल उरतो शेवटपर्यंत.
आईच्या डोक्यात कुठली फिल्म होती,
तेव्हा विचारायला हवं होतं.

मार्चमध्ये एका क्लासच्या हॉलमध्ये, चादरीवर दाखवली.
बावीस माणसं, त्यातली पाच घरची.
त्या अठ्ठावीस चौकटी मी सात मिनिटं ताणल्या.
प्रत्येक चौकटीनंतर थोडा काळोख.
त्या काळोखात कोण काय बघत होतं
देव जाणे.
एकजण मोबाईल बघत होता, तेवढं दिसलं.

दिवे लागले. कुणी काही बोलेना.
मागून दस्तगीर उठला,
बोलावलं म्हणून आलेला, नवा शर्ट घालून.
"ती पडत न्हाई वो ताई.
उतराय लागलीया."

घरी येऊन पुन्हा बघितलं.
तेराव्या चौकटीत पाय दांडीखाली,
पंधराव्यात जमिनीवर.
चौदाव्यात चिखल आहे.
ब्रश तिथंच, पेटीशेजारी पडलाय.
गिरणी बंद होऊन तास झाला.